ताम्रच्युती

खस्थ पदार्थाकडून येणाऱ्या प्रारणाची तरंगलांबी प्रयोगशाळेतील त्याच वर्णरेषेच्या तरंगलांबीपेक्षा जास्त आढळते, म्हणजेच वर्णरेषा वर्णपटाच्या तांबड्या टोकाकडे सरकलेली दिसते, तेव्हा त्या आविष्कारास ताम्रच्युती म्हणतात. तरंगलांबीतील वाढीस मूळ तरंगलांबीने भागले असता ताम्रच्युतीचे मूल्य मिळते. रेडिओ तरंगांना रंग नसला, तरी त्यांच्या बाबतीतही हीच संज्ञा वापरतात.

दीर्घिका जितकी दूर, तितकी तिची ताम्रच्युती अधिक असते, असे एडविन हबल यांनी १९२९ मध्ये दाखविले. दीर्घिका अवकाशातून दूर पळत आहेत, असा याचा अर्थ नव्हे. दीर्घिकांमधील अवकाशच प्रसरण पावत असून त्यातून येणारा तरंगही त्याच प्रमाणात ताणला जातो. म्हणून ताम्रच्युतीच्या मूल्यात एक मिळविला असता तरंग निघाल्यापासून विश्वातील अंतरे किती पट वाढली, हे कळते.

मात्र विश्वाला आरंभ होता, हे केवळ ताम्रच्युतीवरून सिद्ध होत नाही. १९४८ मध्ये मांडल्या गेलेल्या स्थिर-स्थिती सिद्धांतालाही प्रसरण मान्य होते. नवे द्रव्य निर्माण होत राहिल्याने विश्वाचे सरासरी स्वरूप बदलत नाही, असे त्याचे प्रतिपादन होते. जयंत नारळीकर (१९३८–२०२५) हे या विचारसरणीचे प्रमुख पुरस्कर्ते होते. निर्णयासाठी दूरच्या, म्हणजेच भूतकाळातील, विश्वाची आजच्या विश्वाशी तुलना करणे आवश्यक होते. १९६५ मध्ये सापडलेले सूक्ष्मतरंग पार्श्वप्रारण या सिद्धांताला प्रतिकूल ठरले.

त्याच वर्षी टाटा मूलभूत संशोधन संस्थेतील गोविंद स्वरूप यांच्या गटाने कल्याण (जि. ठाणे) येथे ऑस्ट्रेलियाकडून मिळालेल्या १·८ मी. व्यासाच्या ३२ अन्वस्तीय आकाशकांची रेडिओ दुर्बीण उभारली. तिने ६१० मेगॅहर्ट्‌झ कंप्रतेला (तरंगलांबी सु. ४९ सेंमी.) सूर्याचे वेध घेतले जात. याच गटाने १९७० मध्ये ऊटी येथे ५३० मी. लांबीची दुर्बीण पूर्ण केली. तिच्या साहाय्याने मोजलेले दूरच्या रेडिओ उद्‌गमांचे कोनीय आकार स्थिर-स्थिती सिद्धांताशी जुळत नाहीत, असे स्वरूप व विजय कपाही यांना १९७५ मध्ये आढळले. विश्व काळानुसार बदलत आले आहे, या मताला त्यामुळे पुष्टी मिळाली.

उदासीन हायड्रोजनाची रेषा मूळ २१ सेंमी. तरंगलांबीची असते, परंतु दूरच्या दीर्घिकांकडून ती ताणलेली येते. म्हणून तिच्या शोधासाठी अधिक लांबीच्या तरंगांवर वेध घ्यावे लागतात. खोडद (जि. पुणे) येथील ४५ मी. व्यासाच्या ३० आकाशकांची महाकाय मीटर-तरंग रेडिओ दुर्बीण या कामी उपयुक्त ठरली आहे. २०२३ मध्ये अर्णब चक्रवर्ती व निरुपम रॉय यांनी या दुर्बिणीच्या वेधांवरून १·२९ ताम्रच्युतीच्या एका दीर्घिकेतील ही रेषा सु. ४८ सेंमी. तरंगलांबीला आढळल्याचे जाहीर केले. वाटेतील दुसऱ्या दीर्घिकेच्या गुरुत्वाकर्षणामुळे हा क्षीण संकेत सु. ३० पट वर्धित झाला होता. तो सु. ८८० कोटी वर्षांपूर्वी निघाला, तेव्हा विश्वातील अंतरे आजच्या सु. ४४ टक्केच होती. कल्याणला आठ मिनिटांपूर्वीचा सूर्य ज्या तरंगलांबीला पाहिला जात असे, जवळजवळ त्याच तरंगलांबीला पृथ्वीच्या जन्मापूर्वीचा हा संकेत खोडदला मिळाला.