गॉस्पेल गायनाचे सामर्थ्य

'गॉस्पेल' म्हणजे शुभवर्तमान. अमेरिकेतील गुलामगिरीत पिचलेल्या कृष्णवर्णीयांच्या भक्तिगीतांतून हे गायन विसाव्या शतकात आकारास आले. एकाने ओळ आळवावी आणि सर्व उपासकांनी तिला प्रतिसाद द्यावा, ही त्याची रीत. तेथे केवळ श्रोता असा कोणी उरत नाही. एकाचे दुःख सर्वांच्या कंठातून प्रकट होते. त्याचे सामर्थ्य येथेच आहे, असे आम्हांस वाटते.

शिकागोचे थॉमस डॉर्सी यांची पत्नी १९३२ साली बाळंतपणात निवर्तली. पाठोपाठ नवजात बालकही गेले. त्या शोकातून 'टेक माय हँड, प्रेशस लॉर्ड' हे गीत जन्मले. १९६८ साली मार्टिन ल्यूथर किंग यांच्या अंत्यविधीत महालिया जॅक्सन यांनी तेच गायिले. १९८९ साली कर्करोगग्रस्त सिस्टर थिआ बोमन यांनी चाकांच्या खुर्चीतून अमेरिकेतील महागुरूंपुढे गाऊन त्यांनाही हात गुंफून गावयास लावले.

दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६३ साली उपासनेत भाविकांच्या सक्रिय सहभागाचा आग्रह धरला. आम्ही मात्र पुष्कळदा गायन गायकवृंदावर सोपवून स्वस्थ बसतो. शेजारच्या बाकावर कोणी शोकाकुल बसलेला असतो. निदान त्याच्यासाठी तरी येत्या रविवारी आपण सारे गाऊ या.