सर्व्हरशी संबंध तुटतो तेव्हा

सन १८५७ च्या सप्टेंबरात लखनौच्या रेसिडेन्सीत पोहोचलेली इंग्रजांची फौज तेथेच वेढली गेली. शहराच्या दक्षिणेस आलमबागेत तिची एक तुकडी राहिली होती. नोव्हेंबरात या दोन ठिकाणांमध्ये सेमाफोरने, म्हणजे उंच खांबावरील हलत्या भुजांच्या खुणांनी, संदेशवहन सुरू झाले. अशा संदेशवहनास तीन गोष्टी अवश्य असतात. पलीकडे पाहणारा हजर हवा, मधली वाट मोकळी हवी आणि खुणांचा अर्थ दोहोंकडे एकच हवा. यांपैकी एक जरी उणी असली तरी उत्तर येत नाही. परंतु उत्तर आले नाही एवढ्यावरून पलीकडचे ठाणे पडले असे अनुमान काढणे चुकीचे ठरेल.

संगणकावरील माहितीसाठ्याला, म्हणजे डेटाबेसला, हाच नियम लागू पडतो. लखनौचे असो वा महाराष्ट्रातील तालुक्याचे, एखादे ग्रंथालय आपली ग्रंथसूची ‘कोहा’ या प्रणालीत ठेवते अशी कल्पना करू. ही प्रणाली न्यूझीलंडमध्ये तयार झाली व सन २००० मध्ये तेथील ग्रंथालयात प्रथम वापरात आली. तिच्या नोंदी ‘मायएसक्यूएल’ अथवा ‘मारियाडीबी’ या सर्व्हरच्या स्वाधीन असतात. पडद्यावर दिसणारा कार्यक्रम मागणी करतो आणि सर्व्हर ती पुरवितो. दोन्ही एकाच यंत्रावर असले तरी ते परस्परांहून भिन्न असतात, हे वाचकांनी ध्यानात ठेवावे.

मागणी पोहोचण्यास पत्ता आणि पोर्ट लागतो. पत्ता हे जणू इमारतीचे नाव, तर पोर्ट हा तिच्यातील खिडकीचा क्रमांक होय. मायएसक्यूएलची नेहमीची खिडकी ३३०६ क्रमांकाची असते. १२७.०.०.१ हा पत्ता प्रत्येक यंत्र स्वतःसाठीच वापरते; त्यावर पाठविलेली मागणी यंत्राबाहेर जातच नाही. म्हणून इंटरनेट बंद पडले तरी हा संबंध तुटत नाही. याउलट, शेजारच्या टेबलावरील संगणकात हाच पत्ता घातल्यास तो सर्व्हरकडे न जाता स्वतःलाच हाक मारीत बसतो.

दोषाचे स्थान बहुधा त्रुटीच्या संदेशावरूनच कळते. ‘संबंध नाकारला’ असे उत्तर तत्काळ आले, तर यंत्रापर्यंत वाट आहे, पण त्या खिडकीशी कोणी नाही. सर्व्हर बंद आहे किंवा पोर्ट चुकला आहे. बराच वेळ काहीच उत्तर न आल्यास पत्ता चुकला असावा अथवा वाटेतील फायरवॉल मागणी अडवीत असावी. ‘प्रवेश नाही’ असा संदेश आला, तर सर्व्हर जागा आहे. नाव, परवलीचा शब्द अथवा परवानगी तपासावी. मायएसक्यूएलमध्ये परवानगी कोणत्या यंत्रावरून मागणी येते यावरही अवलंबून असते. ‘संबंध फार झाले’ असा संदेश असेल, तर मर्यादा भरली असे समजावे. मायएसक्यूएलमध्ये ती मुळात १५१ ठेवलेली असते.

वीज अकस्मात गेल्यानंतर सर्व्हर पुन्हा सुरू होताना अपुरे राहिलेले व्यवहार आपल्या टिपणावरून निस्तरतो. त्यास काही वेळ लागतो. तेवढा धीर धरावा. तरीही तो उठत नसेल, तर त्याची त्रुटींची नोंदवही उघडावी. कारण बहुधा तेथेच लिहिलेले सापडते.

येथे एक मोठा धोका संभवतो. संबंध जुळत नाही हे पाहून पुष्कळजण सर्व्हर काढून टाकतात, त्याची माहिती साठविलेली फोल्डर पुसतात आणि सर्व काही नव्याने बसवितात. त्यानंतर संबंध जुळतो खरा, पण सूची कोरी असते! अनेक वर्षे खपून केलेल्या नोंदी अशा रीतीने एका दुपारी नाहीशा होऊ शकतात. वस्तुतः वाट बंद होती. भांडार शाबूत होते. म्हणून प्रथम संदेश जसाच्या तसा लिहून घ्यावा, मग सर्व्हर चालू आहे काय, पत्ता व पोर्ट बरोबर आहेत काय, परवानगी आहे काय, हे क्रमाने पाहावे. एका वेळी एकच बदल करावा. माहितीच्या फोल्डरला हात लावण्याची वेळ आलीच, तर सर्व्हर बंद करून आधी तिची प्रत दुसऱ्या ठिकाणी ठेवावी. तुटलेली वाट पुन्हा जोडता येते. पुसलेली नोंद, तिची प्रत नसेल तर, परत मिळेलच असे नाही.