कोठारातला नाताळ

दक्षिण फ्रान्सच्या प्रोव्हान्स भागात नाताळ सुरू होतो तो ४ डिसेंबरला, संत बार्बराच्या दिवशी. तीन बशांत ओल्या कापसावर गहू पेरायचे आणि कापूस वाळू द्यायचा नाही. कोंब सरळ, हिरवेगार आले तर वर्ष चांगलं जाणार. आपण नवरात्रात घटाकडे पाहतो, तीच ही नजर. वनस्पतिशास्त्र शिकवण्यात माझी हयात गेली. कोंब पिवळे पडले तर दोष उजेडाचा, नशिबाचा नव्हे, हे मला पक्कं ठाऊक आहे. तरी पेरलेलं धान्य पाहायला सकाळी आधी मीच धावते!

२४ डिसेंबरच्या रात्री या बशा जेवणाच्या टेबलावर येतात. टेबलावर एकावर एक तीन पांढरे टेबलक्लॉथ. जेवणात मांस वर्ज्य, पण भाज्या-मासे भरपूर. शेवटी गोड पदार्थ तेरा : येशू आणि त्याचे बारा शिष्य. आकडा ऐकून छाती दडपते, पण यादी पाहिली की हायसं वाटतं. सुके अंजीर, बदाम, मनुका, अक्रोड; बरंचसं साठवणीतलंच. सोबत ऑलिव्ह तेलातला गोडसर पाव. तो हातानेच तोडायचा, सुरी लावली तर दिवाळं निघतं म्हणे.

गव्हाचा असाच मान रशियातही. तिथलं ऑर्थोडॉक्स चर्च ज्युलियन दिनदर्शिका पाळतं, म्हणून तिथला नाताळ ७ जानेवारीला. आदल्या दिवशी पहिली चांदणी दिसेपर्यंत उपास. तो सोडायचा ‘कुत्या’ने : अख्खे गहू मऊ शिजवून त्यात मध आणि वाटलेली खसखस. उपासाचा काळ संपलेला नसतो, म्हणून दूध-लोणी नाही. टेबलक्लॉथखाली मूठभर वाळलं गवत, येशू जन्मला त्या गोठ्याची खूण. सोव्हिएत राजवटीत नाताळचं झाड हद्दपार झालं आणि १९३५च्या अखेरीस नववर्षाचं झाड म्हणून परतलं. गव्हाच्या वाटीवर मात्र कोण पहारा ठेवणार?

‘निसर्गस्नेही’ म्हणून दुकानात नाताळच्या महागड्या टोपल्या मिळतात, त्यांचा मला राग येतो. भर थंडीत शेतकऱ्याच्या घरात निसर्ग असतो तो कोठारात : धान्य, सुकी फळं, मध, गवत. या दोन्ही सणांचा साधेपणा तिथून आलाय, हौसेतून नव्हे.

वसईत, गोव्यातही नाताळच्या गोठ्यात हिरवळ दिसावी म्हणून नाचणी किंवा गहू रुजवतात. तुम्हीही यंदा ४ डिसेंबरला एक बशी पेरा. गहू रात्रभर भिजवा, बशी खिडकीत ठेवा, आणि पाणी शिंपडा, ओतू नका; दाणे कुजतात.