ऑटोपायलट बंद पडला तर विमान पडतं का?

विमान ३५ हजार फुटांवर आहे आणि अचानक ऑटोपायलट बंद होतो. सिनेमात अशा वेळी लाल दिवे लागतात, आरडाओरडा सुरू होतो. खऱ्या कॉकपिटमध्ये एक अलार्म वाजतो, पायलट कंट्रोल हातात घेतो आणि विमान चालवत राहतो. मागे बसून चहा पिणाऱ्याला बहुतेक वेळा पत्ताही लागत नाही.

मग १ जानेवारी २००७ ला इंडोनेशियात १०२ जणांचा जीव कसा गेला?

ॲडम एअरची फ्लाइट ५७४ सुराबायाहून मनाडोला निघाली होती. विमान बोइंग ७३७. वाटेत पायलटच्या लक्षात आलं की नेव्हिगेशनमध्ये गडबड आहे. आपण कुठं आहोत हे कळण्यासाठी या विमानात इनर्शियल रेफरन्स सिस्टीम, म्हणजे आयआरएस होती. डोळ्यांवर पट्टी बांधून घरात पावलं मोजत चालावं, तसं हे यंत्र निघाल्यापासूनची प्रत्येक हालचाल मोजून जागेचा हिशेब लावतं. एकदा हिशेब चुकला की चूक वाढतच जाते. विमानात असे दोन संच होते आणि दोघांचं एकमेकांशी जुळत नव्हतं.

खरी मेख पुढे आहे. आयआरएस फक्त जागा सांगत नाही. विमान सरळ आहे की कललंय, हेही तिच्यावरूनच कळतं आणि ऑटोपायलटही तिच्याच भरवशावर चालतो. दोष शोधता शोधता पायलटनी उजव्या संचाचा स्विच नेव्हिगेशनवरून ॲटिट्यूड मोडवर नेला. तसं केलं की ऑटोपायलट सुटतो. तो सुटला. अशा वेळी यंत्र पुन्हा ताळ्यावर येईपर्यंत, साधारण ३० सेकंद, विमान हातानं सरळ आणि एकाच वेगात धरून ठेवायचं असतं.

ते कुणीच धरलं नाही.

विमान हळूहळू उजवीकडे कलू लागलं. इतकं हळू कलणं शरीराला जाणवत नाही, कानातल्या तोलाला सगळं सरळच वाटतं. कल ३५ अंशांच्या पुढे गेल्यावर धोक्याची सूचना वाजली. तेव्हाही आधी पंख सरळ करायला हवे होते, पण नाक वर खेचायचा प्रयत्न झाला. शेवटी कल १०० अंशांवर गेला, नाक ६० अंश खाली आणि विमान मकास्सरच्या सामुद्रधुनीत कोसळलं.

ब्लॅक बॉक्स समुद्रतळातून, सुमारे २,००० मीटर खोलीवरून, ऑगस्टमध्ये बाहेर आले. त्यात दिसलं ते असं : शेवटची किमान १३ मिनिटं दोघेही पायलट नेव्हिगेशनच्याच मागे लागले होते. वैमानिकी शिकताना पहिल्याच दिवसांत क्रम पाठ करून घेतात : एव्हिएट, नेव्हिगेट, कम्युनिकेट. आधी विमान उडवा, मग रस्ता शोधा, मग बोला. दोघांपैकी एकानं फक्त उडवायचं, बिघाड दुसऱ्यानं बघायचा.

सगळा दोष त्या दोघांच्या माथी मारणं मात्र सोपं आहे. आयआरएस बिघडली तर काय करायचं, याचं प्रशिक्षण कंपनीनं त्यांना दिलंच नव्हतं. आणि याच विमानात आयआरएसशी संबंधित तक्रारी आधीच्या तीन महिन्यांत किती नोंदवल्या गेल्या होत्या? १५४. तरीही ते रोज उडत होतं. २००८ मध्ये ॲडम एअरचा परवाना रद्द झाला.