“आमच्यात हे चालत नाही, साहेब!”

हे वाक्य गावच्या शाळेत, पंचायतीच्या कचेरीत नाहीतर तालुक्याच्या कोर्टात कधी ना कधी तुमच्या कानावर आलंच असेल. कुणी देवाच्या नावानं शपथ घ्यायला तयार नसतो, कुणी आपल्या पोराला शाळेतल्या पूजेला बसवत नाही. मग वाद सुरू. एक म्हणतो, नियम म्हणजे नियम. दुसरा म्हणतो, धर्म म्हणजे धर्म. मंडळी, या दोन्हींच्या मधून कायद्यानं एक पायवाट ठेवलेली आहे. ती गुरुजींना, भाऊसाहेबांना आणि पालकांनाही ठाऊक पाहिजे.

त्यासाठी केरळातली एक हकिगत ऐका. एका शाळेत तीन भावंडं शिकत होती. एक दहावीत, एक नववीत, एक पाचवीत. घर ‘यहोवाचे साक्षी’ या ख्रिस्ती पंथाचं. रोज सकाळी राष्ट्रगीत सुरू झालं की ही मुलं इतरांसारखीच मान राखून ताठ उभी राहात. फक्त गात नसत. बरीच वर्षं कुणाची तक्रार नव्हती. जुलै १९८५ मध्ये एका आमदाराच्या हे नजरेस आलं आणि प्रश्न थेट विधानसभेत गेला. चौकशी झाली. मुलं शिस्तीची आहेत, त्यांनी राष्ट्रगीताचा अवमान केलेला नाही, असा अहवालही आला. तरीसुद्धा वरून सूचना आली म्हणून मुख्याध्यापिकेनं २६ जुलै १९८५ रोजी तिघांनाही शाळेतून काढलं. सरकारचा निर्णय येईपर्यंत तरी मुलांना वर्गात बसू द्या, अशी विनंती वडिलांनी केली. बाईंनी असमर्थता कळवली.

हायकोर्टात वडील हरले. मग प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं. बिजो इमॅन्युएल विरुद्ध केरळ राज्य या नावानं ते ओळखलं जातं. ११ ऑगस्ट १९८६ रोजी न्यायमूर्ती चिन्नप्पा रेड्डी आणि न्यायमूर्ती दत्त यांनी मुलांना परत शाळेत घ्या, असा निकाल दिला. न्याय मिळाला खरा, पण मधे वर्षाहून जास्त काळ गेला. दहावीच्या लेकराचं एक वर्ष म्हणजे काय, हे तुम्हाला सांगायला नको.

या निकालातून तीन प्रश्न शिकण्यासारखे आहेत. श्रद्धा खरी आहे, की ऐन वेळची सबब आहे? तिच्यापायी दुसऱ्याला त्रास किंवा कुणाचा अवमान होतो का? आणि सक्तीच्या मागे कायदा आहे, की नुसतं खात्याचं परिपत्रक? राष्ट्रगीत गायलाच पाहिजे असा कायदा नाही, उभं राहिलं म्हणजे मान राखला गेला, आणि परिपत्रकाच्या जोरावर मूलभूत हक्क काढून घेता येत नाही, असं कोर्टानं सांगितलं.

काही सवलती तर कायद्यात लिहूनच ठेवल्या आहेत. सरकारमान्य किंवा अनुदानित शाळेत धार्मिक शिक्षण वा पूजेला बसण्याची सक्ती करता येत नाही. मूल लहान असेल तर पालकाची संमती लागते. हे राज्यघटनेच्या २८ व्या कलमात आहे. कोर्टात साक्ष देताना देवाच्या नावानं शपथ घ्यायची नसेल, तर १९६९ च्या शपथ कायद्यानुसार प्रतिज्ञा करता येते. पगडी बांधलेल्या शीख माणसाला मोटारसायकलवर हेल्मेटची सक्ती नाही. आपल्या फेट्याला आणि गांधी टोपीला मात्र त्या कलमात अशी सूट नाही, हेही ध्यानात ठेवा!

म्हणजे धर्माचं नाव घेतलं की प्रत्येक नियम सुटतो, असं नाही. घटनेच्या २५ व्या कलमानं धर्मस्वातंत्र्य दिलं, पण सार्वजनिक सुव्यवस्था, नीतिमत्ता आणि आरोग्य यांच्या आधीन राहून. हवाई दलातल्या एका मुस्लिम जवानाला दाढी राखायची होती. डिसेंबर २०१६ मध्ये सुप्रीम कोर्टानं ती मागणी फेटाळली, कारण फौजेत शिस्त आणि एकसारखेपणा आधी. आपल्या सांगली जिल्ह्यातल्या बत्तीस शिराळ्याचंच बघा ना. नागपंचमीला जिवंत नाग पकडण्याची परंपरा जुनी, पण १९७२ चा वन्यजीव संरक्षण कायदा आडवा आला आणि हायकोर्टानं बंदी घातली. २०२५ साली केंद्रानं २१ जणांना नाग पकडायची परवानगी दिली, तीही पूजेसाठी नव्हे, तर लोकशिक्षणाच्या कारणासाठी.

तेव्हा पालकांनो आणि नोकरदारांनो, अडचण असेल तर तोंडी हुज्जत घालू नका. साध्या कागदावर अर्ज करा. श्रद्धा काय आहे, नेमकी कोणती गोष्ट जमत नाही आणि तिच्याऐवजी काय करायची तयारी आहे, हे लिहा. त्या मुलांनी गाणं सोडलं, पण उभं राहणं सोडलं नव्हतं, हे विसरू नका. अर्जाची पोच घ्या.

आणि साहेब लोकांनो, तुम्हालाही एक विनंती. अर्ज आला की आधी विचारा, ही सक्ती कोणत्या कायद्यात आहे? उत्तर सापडेपर्यंत मूल वर्गात आणि माणूस कामावर राहू द्या. चौकशी महिनाभर लांबली तर कचेरीचं काही बिघडत नाही. पोराचं गेलेलं वर्ष मात्र कुठलंच कोर्ट परत देऊ शकत नाही.