मेरीच्या बागेत बाईला बंदी

उत्तर ग्रीसमध्ये समुद्रात घुसलेली जमिनीची एक चिंचोळी, डोंगराळ पट्टी आहे. टोकाला २,०३३ मीटर उंच आथोस शिखर आणि उतारांवर २० ख्रिस्ती मठ. इथे हजारेक वर्षं स्त्रीला पाऊल टाकायला मनाई आहे. नुसत्या गाभाऱ्यात नव्हे, अख्ख्या डोंगरावर!

बंदी इतकी बारीक की गाय, शेळी, कोंबडीही पाळायची नाही. दहाव्या शतकात इथला थोरला मठ उभारणाऱ्या संत अथानासिओस यांनी जुनाच दंडक पुढे चालवला: स्त्रीचा संग सोडलात, मग मादी जनावर तरी कशाला? त्यामुळे संतांच्या तसबिरींच्या रंगात कालवायचा अंड्याचा बलकसुद्धा बाहेरच्या कोंबडीचा. सूट फक्त मांजरींना. कोठारातल्या उंदरांपुढे नियमाचं काही चालेना! मठांच्या आवारात त्या पिल्लांसकट खुशाल ऊन खात पडलेल्या असतात.

९७२ सालच्या सुमाराची, बोकडाच्या कातड्यावर लिहिलेली इथली सनद तर दाढी न फुटलेल्या मुलांनाही मज्जाव करते. म्हणजे धास्ती होती ती मोहाची, आणि तो मोह संन्याशाच्या स्वतःच्या मनातला. पुढे मुलांची अट सैल झाली. आज ती वडिलांचं बोट धरून जातात. आईची अट मात्र जशीच्या तशी. मला हे अन्यायाचं वाटतं.

त्यात नवल असं, की हा डोंगर एका स्त्रीचाच मानतात. वादळात भरकटलेलं येशूच्या आईचं, मेरीचं, जहाज इथे लागलं आणि ही भूमी तिची बाग झाली, अशी श्रद्धा आहे. पंधराव्या शतकात ऑटोमन सुलतान दुसऱ्या मुरादची विधवा, सर्बियाची राजकन्या मारा, बाळ येशूला मिळालेल्या मानल्या जाणाऱ्या भेटवस्तू घेऊन इथल्या किनाऱ्यावर उतरली. आख्यायिका सांगते, आकाशवाणीने तिला तिथेच थांबवलं. तिची भेट सेंट पॉल मठाने आजवर जपली आहे. त्याआधी शतकभर, १३४७च्या सुमारास, प्लेगच्या धास्तीने सर्बियाचा सम्राट दुशान आपल्या राणीला, हेलेनाला, घेऊन इथे आला होता. तेव्हा सम्राज्ञीसाठी वाट मोकळी झाली.

१९५३पासून ग्रीक कायद्यात या बंदीच्या भंगाला दोन महिने ते एक वर्ष कैद आहे. बायकांनी भरलेल्या पर्यटक बोटींनी किनाऱ्यापासून अर्धा किलोमीटर लांब राहायचं. २००३मध्ये युरोपीय संसदेने बंदी उठवायला सांगितलं. पण डोंगराला ग्रीसच्या राज्यघटनेने खास स्थान दिलेलं आहे. बंदी उठली नाही.