मुलगा मोठा होईपर्यंत

घरातील कर्ता पुरुष सरकारी नोकरीत असतानाच गेला, की तेरावा आटोपून पाहुणे परतण्यापूर्वी माजघरात एक विषय हलक्या आवाजात निघतोच : "त्यांच्या जागी आता कोण?" आपल्या बेळगाव-खानापूर-निपाणीकडील कितीतरी घरांनी हा प्रश्न ऐकला आहे. त्याचे उत्तरही बहुधा ठरलेले असते. मुलगा आठवी-नववीत शिकत असतो. मामा बहिणीला म्हणतात, "ताई, चार वर्षे कळ काढ. पोरगा हाताशी आला, की ती जागा त्याचीच." ताई मान डोलावते. कचेरीत जाऊन बसण्याची कल्पनाही तिला त्या दिवशी सोसवत नसते.

या सल्ल्यामागे माया असते, यात शंका नाही. परंतु हाच सल्ला पुष्कळदा घराच्या मुळावर येतो, हे आम्हांस येथे सांगावयाचे आहे.

अनुकंपा नियुक्ती म्हणजे वडिलार्जित जमीन नव्हे. आपल्या राज्यघटनेच्या सोळाव्या कलमाने सरकारी नोकरीची संधी सर्वांना समान ठेवली आहे. केवळ कोणाच्या पोटी जन्म झाला म्हणून नोकरी देता येत नाही. त्या नियमाला हा एक अपवाद, आणि तोही एका कारणापुरता. 1994 साली सर्वोच्च न्यायालयाने हरियाणातील एका प्रकरणात हे कारण स्पष्ट केले : मिळवता हात अकस्मात गेल्याने ओढवलेल्या संकटातून कुटुंबाला सावरता यावे, एवढाच या नेमणुकीचा हेतू. ही नेमणूक खालच्या श्रेणीतील जागांवरच व्हावी, आणि दीर्घ काळ लोटल्यावर ती मागता येणार नाही, असेही न्यायालयाने सांगितले. कारण सोपे आहे. जे घर चार वर्षे कसेबसे तगले, त्याचे संकट ओसरले असेच कायदा समजतो. त्या चार वर्षांत कोणी मंगळसूत्र मोडले, कोणी मुलीचे शिक्षण थांबवले, याची नोंद सरकारी कागदावर कोठेही नसते.

कर्नाटकाच्या 1996च्या नियमांत अर्जासाठी मृत्यूपासून एक वर्षाची मुदत होती. 1999 साली दुरुस्ती होऊन वारस अज्ञान असल्यास त्या एका वर्षातच त्याला अठरा वर्षे पूर्ण झाली पाहिजेत, असे ठरले. ही अट डावलून काही मुलांना नेमणुका मिळाल्या, ती कामावर रुजूही झाली. पण पुढे त्या नेमणुका रद्द झाल्या. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि मार्च 2020 मध्ये निकाल त्या मुलांच्या विरुद्ध लागला. हातातोंडाशी आलेला घास गेला, तो आईने मुलगा मोठा होण्याची वाट पाहिली म्हणून!

वास्तविक त्याच 1996च्या नियमांनी पुरुष कर्मचाऱ्याच्या मागे पहिले नाव घातले होते ते त्याच्या पत्नीचे. ती पात्र नसेल वा राजी नसेल तर मुलगा, आणि त्यानंतर अविवाहित मुलगी. म्हणजे नियमाने ज्या स्त्रीला पुढे बोलावले, तिला घरच्यांनीच मागे बसविले, असा हा प्रकार आहे.

मुलींची कथा आणखी बोलकी आहे. आपल्याच जिल्ह्यातील एका बाजार समितीचे सचिव 2016 साली सेवेत असताना वारले. मुलाला ती नोकरी नको होती. विवाहित कन्येने अर्ज केला, तो विवाहित असल्याच्या कारणावरून फेटाळला गेला. डिसेंबर 2020 मध्ये कर्नाटक उच्च न्यायालयाने तिच्या बाजूने कौल दिला. विवाहाने मुलाचे पुत्रत्व जात नसेल, तर मुलीचे कन्यात्व तरी का जावे, हा त्यातील प्रश्न होता. 2021 साली नियम बदलले आणि विवाहित, विधवा व घटस्फोटित मुलींनाही त्यांत स्थान मिळाले. ती मुलगी दिवंगत कर्मचाऱ्यावर अवलंबून असली पाहिजे, ही अट मात्र राहिली.

ज्याला नोकरी मिळते तो सर्व घराचा विश्वस्त असतो. केंद्र सरकारच्या योजनेत तर, इतर अवलंबितांचा नीट सांभाळ करीन, असे लेखी द्यावे लागते. तो न केल्याचे सिद्ध झाल्यास नोकरी जाऊ शकते. त्याच योजनेने विधवेने पुनर्विवाह केला तरी तिची नोकरी कायम ठेवली आहे. नियम करणाऱ्यांनी जे मन दाखविले, ते आपण घरात दाखवू नये काय?

दोष केवळ घरांचाच आहे असे नाही. कचेऱ्यांतील टेबलांवर हे अर्ज वर्षानुवर्षे पडून राहतात. 1989 सालीच सर्वोच्च न्यायालयाने, 1982 साली पती गमावलेल्या एका विधवेच्या प्रकरणात, अशा नेमणुकीस विलंब होता कामा नये आणि जागा नसेल तर जादा जागा निर्माण करावी, असे बजावले होते. म्हणूनच आपल्या बाजूने तरी उशीर नको. मृत्यूचा दाखला, वारसांचा दाखला, इतर वारसांची लेखी संमती ही कागदपत्रे पहिल्या काही महिन्यांतच जमवावीत. नियम वरचेवर बदलतात, यास्तव आजची मुदत संबंधित खात्यात स्वतः जाऊन विचारावी. अर्ज दिल्याची पोच घ्यावी आणि ती जपून ठेवावी. आपल्या सीमाभागात कारभाराची भाषा कन्नड आहे. माउलीला ती लिहितावाचता येत नसेल, तर शेजारच्या एखाद्या मास्तरांकडे आजच शिकवणी लावावी.

आणि मामांना आमची एक विनंती आहे. तेराव्याच्या दिवशी बहिणीला कळ काढावयास सांगू नका. चार दिवसांनी तिच्यासोबत कचेरीत जा आणि तिचा अर्ज तिच्याच सहीने दाखल करा. मुलगा मोठा होईल, तेव्हा तो आपल्या शिक्षणाच्या बळावर आपली वाट शोधील. कारण तोवर त्याची फी भरणारे कोणीतरी घरात असेल.